मागून धरायची ओळ

"त्यांच्याकडे निदान आज्या तरी गातात गं. आपल्याकडे काय उरलंय, सांग?"

थर्मासमधून कागदी पेल्यांत चहा ओतणारी बाई शेजारणीला म्हणाली. शेजारीण "तेच ना" म्हणाली आणि तिने बिस्किटांचा पुडा पुढे सरकवला. पनवेलमधल्या एका जुन्या वाचनालयाच्या वरच्या मजल्यावर आमचा वाचनगट भरायचा. त्या वर्षी फक्त आफ्रिकेतल्या लेखिका वाचायच्या, असं आमचं ठरलं होतं. गट चालवणाऱ्या निवृत्त शिक्षिका होत्या, बाकी बँकेत किंवा दवाखान्यात काम करणाऱ्या, एक-दोन नुकत्याच निवृत्त झालेल्या. सगळ्यांत लहान मी. खिडकीजवळची खुर्ची माझी, कारण तिथून बोलायची पाळी शेवटी येते आणि तोवर वेळ संपलेली असते.

त्या दिवशीच्या कादंबरीत शहरात शिकलेली एक मुलगी टेपरेकॉर्डर घेऊन आजीच्या गावी जाते आणि आजीची गाणी, गोष्टी कॅसेटवर उतरवून घेते. सगळ्यांना ते प्रकरण फार आवडलं होतं. चहाजवळची बाई जे म्हणाली ते खोटं नव्हतं, तिच्यापुरतं तर नव्हतंच. पण माझी सख्खी आत्या आमच्या कामोठ्याच्या घरापासून चालत जाण्याच्या अंतरावर राहते आणि ती धवलारीण आहे. आगरी लग्नात मांडव घातल्यापासून हळद उतरेपर्यंत जी गाणी म्हणतात ते धवले, आणि ते म्हणणारी बाई ती धवलारीण. हे मला त्या खोलीत सांगता आलं असतं. दोन वाक्यांचं काम होतं. मी वाचून झालेलं पान पुन्हा उलटलं आणि चहा गार होईपर्यंत त्यात बघत राहिले.

मी घरी कधी आगरी बोलले नाही. आईने बोलू दिलं नाही. तिचं माहेर कर्नाळ्याच्या पायथ्याचं, तीही तेच बोलत मोठी झालेली. पण बाबांना ऑफिसात नोकरी लागली, आम्ही कामोठ्याच्या नव्या सेक्टरमध्ये फ्लॅट घेतला आणि मला इंग्रजी शाळेत घातलं, तेव्हा तिने ठरवलं की पोरीला इंग्रजी आणि 'शुद्ध' एवढंच यायला हवं. पाहुणे आले की ती स्वतः आगरीत सुरू व्हायची आणि मी खोलीत आले की मधल्या शब्दावर गाडी बदलायची. मी तिला दोष देत नाही. शाळेत 'नाय' म्हणणाऱ्या मुलांचं काय व्हायचं ते मी पाहिलं होतं. मला सगळं कळायचं, निदान मला तसं वाटायचं. बोलायचे मात्र फक्त मनात.

आत्याचं घर कामोठे गावात. आता त्या घरावर दोन मजले चढलेत. पुढच्या गाळ्यात मोबाइल दुरुस्तीचं दुकान, वरती क्लासेस, आणि मागच्या बाजूला आत्याची खोली. वरून दुपारभर मुलांकडून इंग्रजी स्पेलिंगं पाठ करून घेतल्याचा आवाज येतो. आत्या उंच आहे, आवाज त्याहून उंच. कोणी तिला "आत्या, हळू" म्हटलं तर म्हणते, "हलू बोलायला मी काय चोरी केलीय?"

गेल्या पावसाळ्यात तिच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं. माझं काम घरूनच चालतं, म्हणून दुपारचा डबा घेऊन मी जायला लागले. ती पलंगावर, मी खुर्चीवर, आणि दोघींमध्ये बोलायला काही नाही. मग मी पिशवीतून पुस्तक काढून बसायचे.

"काय वाचतंस?"

"गोष्ट आहे. एका बाईने लिहिलेली."

"कनच्या गावची बाय?"

"आफ्रिकेतली."

"यवरी मोठी आफ्रिका. गाव कनचा?"

मला माहीत नव्हतं. फोनवर शोधून सांगितलं. तिने ते नाव दोनदा म्हणून पाहिलं, समाधान झाल्यासारखी मान हलवली आणि म्हणाली, "हां, आता सांग."

अशी सुरुवात झाली. इंग्रजी पान मनात वाचायचं आणि तिला मराठीत सांगायचं. माझं मराठी बातम्या वाचल्यासारखं यायचं. तिला त्याचं काही नव्हतं, तिला माणसं हवी असायची. एका कादंबरीत नवरा न सांगता दुसरी बायको घरी घेऊन येतो. आत्या उठून बसली.

"मंग ही काय बोलली?"

"काही नाही. ती पाणी आणायला गेली."

"नाय कशी बोलली? पुस्तक हिनंच लिवलाय ना?"

"हो."

"मंग लिवताना तरी बोलायचा!"

मी हसले. तीही हसली. पण डबा खाताना ती मधेच म्हणाली, "पानी आनाला गेली असंल. मी पन गेलेले." कशाबद्दल ते मी विचारलं नाही. आत्याचे यजमान मी लहान असतानाच गेले, त्यांच्याविषयी घरात कोणी फार बोलत नाही. विचारायला हवं होतं, असं आता वाटतं. त्या वेळी मला वाटलं, तिला हवं असेल तर सांगेल. मी स्वतः अशी कधी आपणहून काही सांगत नाही, हे माझ्या लक्षातच आलं नाही.

दुसऱ्या एका पुस्तकात कंपनी शेतं घ्यायला येते आणि गावातल्या बायका रस्त्यावर बसून राहतात. ते ऐकताना आत्या गुडघा चोळत होती. मग विचारलं, "त्यांना भूक लागली का?"

"तसं काही लिहिलेलं नाही."

"मंग लिवनारी बसलेली नसंल. आमी बसलेलो खाडीच्या बांधावर, हे तुमचा शहर आला तवा. मना सगल्यात पयली भूकच आठवतं. कोनीतरी सुकट आनलेली, तिचा वास सुटलेला, आनि पुडं पोलिस. माजा सगला ध्यान सुकटीत."

मला ते इतकं आवडलं की मी वाचनगटात सांगायचं ठरवलं. घरी आरशासमोर वाक्यं जुळवली, इंग्रजीत आणि मराठीत. गटात माझी पाळी आली तेव्हा म्हणाले, "मला पुस्तक आवडलं," आणि खाली बसले.

एक प्रकरण मी तिला वाचून दाखवलंच नाही. त्यात एक लहान मुलगी शाळेत चुकून आईच्या भाषेत बोलते आणि तिला दिवसभर उभं करतात. घरी गेल्यावर ती आईशीही इंग्रजीत बोलायला लागते. ती पानं मी उलटली आणि पुढची गोष्ट सुरू केली. आत्याने विचारलं, "मधी काय तरी राहिला?" मी म्हटलं, "काही विशेष नाही."

मला रेकॉर्डिंगची कल्पना त्या टेपरेकॉर्डरवाल्या मुलीवरूनच सुचली. आत्याच्या जोडीला एक बाई असायची, तिच्याच वयाची, गव्हाणकडची. धवलारीण एक ओळ म्हणते आणि जोडीदारीण तीच ओळ मागून धरते, मग पुढची ओळ. एकटीने म्हणायची ती गाणीच नव्हेत. ती जोडीदारीण त्याच वर्षी गेली. त्यानंतर आत्याने आलेली दोन-तीन बोलावणी "गुडगा दुखतंय" म्हणून परत पाठवली होती. मला वाटलं, हे आता गेलंच. कोणीतरी साठवून ठेवलं पाहिजे. पुस्तकातली मुलगी कॅसेट घेऊन गेली, माझ्याकडे चांगला फोन होता.

"यंत्रात गाऊ?" आत्या म्हणाली. "कोनाचा लगीन हाय?"

"कोणाचं नाही. नुसतं ठेवायला."

"लगीन नसताना धवला? मांडव नाय, जाता नाय, नवरी नाय. म्हनू कोनासाठी?"

"असंच म्हण ना, आत्या."

तिने माझ्याकडे थोडा वेळ बघितलं. मग म्हणाली, "बरा. आनि मागून कोन धरनार? तू धर."

मला ते जमणार नव्हतं. बंद खोलीत, एकट्या आत्यासमोरसुद्धा. माझ्या तोंडून ती ओळ शाळेतल्या प्रार्थनेसारखी येईल, ती हसेल, किंवा हसणार नाही आणि ते जास्त वाईट असेल, असं काय काय डोक्यात आलं. मी म्हटलं, "मी ऐकते. मी रेकॉर्डिंगकडे बघते. तू म्हण."

ती गायली. प्रत्येक ओळीनंतर सवयीने थांबायची, जोडीदारीण जितका वेळ घेईल तितका, आणि मग पुढची ओळ. त्या थांबण्यात फोनमध्ये वरच्या क्लासचे आवाज शिरत होते आणि एकदा कुकरची शिट्टी. मी हेडफोन लावून आवाजाच्या हिरव्या रेषा खालीवर होताना बघत होते. एवढी गुंतले होते की ती काय गातेय याकडे माझं लक्षच नव्हतं.

वाचनगटाच्या पुढच्या बैठकीत माझी पाळी आली तेव्हा मी बोलले नाही, फोन टेबलावर ठेवला आणि बटण दाबलं. आत्याचा आवाज त्या खोलीत भरला. संपल्यावर सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. "कुठली भाषा ही?" एकीने विचारलं. गट चालवणाऱ्या बाईंनी माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि म्हणाल्या, "फार मोठं काम करते आहेस." घरी येताना मी रिक्षात सरळ बसले होते. इतकी वर्षं जे तोंडातून निघत नव्हतं ते एका बटणाने झालं होतं.

हिवाळ्यात माझ्या चुलत बहिणीचं लग्न ठरलं. काकांचं घर पळस्प्याजवळ, हायवेपासून थोडं आत. त्यांना सगळं जोरात करायचं होतं, हळदीला डीजे तर होताच. पण आमच्या गेलेल्या आजीची तशी इच्छा होती म्हणून हळदीला धवले हवेत, असंही त्यांनी ठरवलं आणि स्वतः येऊन आत्याला सांगून गेले. आत्या त्यानंतर पंधरवडाभर दही खात नव्हती. आंबट नको, गार नको. फिजिओथेरपीवाला येऊन जायचा तेव्हा त्याला म्हणायची, "मना पाटावर बसता यायला पायजे, बाकी चालता नाय आला तरी चालंल." कपाटातून नवं लुगडं काढून तिने दोनदा उन्हात टाकलं.

"या येली तू माजे मागं बसशील ना?" तिने मला विचारलं. "ती ओल सोपी हाय. मी म्हनीन तीच म्हनायची. ध्यानात काय ठेवायचा नाय."

मी मान हलवली.

त्याच आठवड्यात चुलत बहीण मेंदीचे डिझाइन बघायला आमच्याकडे आली होती. आईने तिला सांगितलं की हिने आत्याचे धवले फोनवर घेतलेत. तिने ऐकलं आणि डोळे मोठे केले. "किती गोड! पाठव ना मला." मी पाठवलं. तिने हात जोडून मागितलं होतं, आणि कोणी काही मागितलं की नाही म्हणायला जे लागतं ते माझ्याकडे कधीच नव्हतं. पण खरं सांगायचं तर मला आनंदही झाला होता.

हळदीच्या दिवशी संध्याकाळी मी आत्याला रिक्षातून घेऊन गेले. मांडवात तिच्यासाठी पाट होता, बाजूला हळद दळायचं जातं मांडलेलं. ती पाटावर बसणार एवढ्यात काकी धावत आल्या.

"अगो ताई, खाली नका बसू, तुमचा गुडघा! या, सोफ्यावर या."

"मंग म्हनू कशी?"

"म्हणायची गरजच नाही! पोरांनी सगळं केलंय. तुम्ही नुसतं बसायचं, ऐकायचं. मान आहे तुमचा."

आत्याला काही कळायच्या आत तिला पहिल्या रांगेतल्या पांढऱ्या सोफ्यावर बसवलं, गळ्यात झेंडूचा हार घातला. मी तिच्या मागे उभी राहिले. डीजेवाल्याने हात वर केला, आणि दोन्ही बाजूंच्या स्पीकरांतून आत्याचा आवाज आला.

आधी तिने मागे वळून बघितलं, कोण गातंय म्हणून. मग तिला कळलं. तिचा चेहरा खुलला, मी खोटं कशाला सांगू. तिने माझा हात दाबला. "माजाच आवाज हाय गो!" लोकांनी फोन वर धरले होते, तिच्याकडे बघून हसत होते, आणि तिनेही पदर सारखा केला.

मग गाणं पुढे गेलं आणि मांडव मागे राहिला.

धवला असा पुढे जात नाही. आत्या गाण्यातून नवरीच्या मामाला बोलावते, तो येऊन जात्याला हात लावतो, तोवर ती तीच ओळ फिरवत राहते. लोक थांबतात, स्वयंपाकीसुद्धा थांबतो. हळद दळून होत नाही तोवर लावण्याचं गाणं सुरू होत नाही. तिथे फोन कोणासाठी थांबणार? जात्यात अजून हळकुंड पडलं नव्हतं आणि स्पीकर हळद लावायला सांगत होता. जात्यावरच्या बायका हसत सुटल्या. "अगो दल, दल! धवलारीन पलाली फुडं!" प्रत्येक ओळीनंतर आत्या थांबली होती तिथे स्पीकर गप्प व्हायचा, आणि एकदा कुकरची शिट्टी वाजली. डीजेवाल्याला वाटलं फाइल खराब आहे. त्याने त्या रिकाम्या जागांत ढोल भरला. पोरांनी लगेच नाचायला सुरुवात केली.

आणि मग स्पीकरने मामाला बोलावलं. कर्नाळ्याच्या पायथ्याच्या मामाला.

नवरीचा मामा अलिबागचा. तो अजून पोचलाही नव्हता, फोनवर सांगत होता की कर्नाळ्यापाशी ट्रॅफिकमध्ये अडकलोय. कोणीतरी ओरडलं, "बघा, आत्याला बरोबर माहीत मामा कुठं अडकलाय!" सगळा मांडव हसला. पण तिसऱ्या रांगेत माझा मामा, माझ्या आईचा भाऊ, हातातला थंड पेयाचा ग्लास खुर्चीखाली ठेवून उठून उभा राहिला होता. मग त्याने इकडेतिकडे बघितलं आणि तो हळूच खाली बसला.

एक म्हातारी माझ्याकडे बोट दाखवून म्हणाली, "अगो, ही तर हिचीच हलद लागली!"

तेव्हा मला कळलं. लग्न नसताना धवला म्हणता येत नाही म्हणून आत्याने त्या दुपारी माझं लग्न धरलं होतं. माझ्या बाबांचा मांडव, माझा मामा, कामोठ्याची वाट. सगळं मला ऐकवून म्हटलं होतं, आणि मी हिरव्या रेषा बघत होते.

आत्या सोफ्यावरून अर्धी उठली. "बंद करा रे," ती म्हणाली. "ह्यो धवला हिचा नाय. नवरीला असा चालत नाय." ढोलात कोणाला ऐकू आलं नाही. जो आवाज खाडीच्या पलीकडे जायचा, तो मांडवात दोन खुर्च्यांपलीकडे गेला नाही, कारण दुसरीकडून तिचाच मोठा केलेला आवाज येत होता. मग तिने वेगळंच केलं. सोफ्यावर बसूनच, डोळे मिटून, ती खरी ओळ म्हणायला लागली, त्या नवरीची, अलिबागच्या मामाची. एक ओळ म्हटली. थांबली. मान थोडी मागे वळवली, माझ्याकडे.

मी अगदी तिच्या मागे होते, तिने सांगितलं होतं तिथेच. ओळ मला ऐकू आली होती, कळलीही होती. आजूबाजूला ओळखीचे, अनोळखी चेहरे, वर धरलेले फोन. मी ओळ धरली नाही. तिने तीच ओळ आणखी एकदा म्हटली, मला वेळ द्यावा म्हणून, मामा यायची वाट बघताना फिरवते तशी. मग ती थांबली. डीजेवाल्याने दुसरं गाणं लावलं.

परतताना रिक्षात ती हार हातात धरून बसली होती. "बरा झाला," म्हणाली. "माजी गरज नाय लागली. गुडगा पन वाचला." तिच्या बोलण्यात टोमणा नव्हता. टोमणा असता तर मला काहीतरी उत्तर देता आलं असतं.

ती टेपरेकॉर्डरवाली कादंबरी मी नंतर पुन्हा काढून वाचली. माझ्या लक्षात फक्त टेपरेकॉर्डर राहिला होता. त्याच प्रकरणात, दोन पानं पुढे, आजी मधेच थांबते, नातीकडे बघते, आणि नात चुकीच्या सुरात, चुकीच्या शब्दांत ओळ म्हणते. दोघी इतक्या हसतात की कॅसेट संपते. ते मी वाचलं होतं, पेन्सिलीने रेघसुद्धा मारली होती. वाचनगटात आम्ही त्यावर काहीच बोललो नव्हतो. आम्ही सगळ्या त्या बायकांच्या सोसण्यावर, टिकून राहण्यावर बोलत होतो. त्यांच्या हसण्यापर्यंत आम्ही पोचलोच नाही.

ती फाइल मात्र पोचली. चुलत बहिणीने मैत्रिणीला दिली, तिने जावेला. लग्नाच्या दिवसांत मला अनोळखी नंबरांवरून निरोप यायचे: तुमच्याकडे धवल्याची क्लिप आहे ना, मोठी फाइल पाठवाल का? आत्याला मात्र त्या हंगामात एकही बोलावणं आलं नाही. मी अजून दुपारी डबा घेऊन जात होते. पुस्तक न्यायचे, ती ऐकायचीही. पण "गाव कनचा?" हे तिने विचारणं सोडलं होतं. मी सांगितलेली प्रत्येक गोष्ट तिला आता बरी वाटायची. "बरी हाय," म्हणायची. बायका मुकाट पाणी आणायला गेल्या तरी ती त्यांना बोलायला सांगत नव्हती.

मागच्या आठवड्यात दुपारी मी तिथेच होते. आत्या पलंगाखाली पाय सोडून तांदूळ निवडत होती. दारात एक बाई आली, उरणकडची, पन्नाशीची, हातात लग्नाच्या पत्रिकांची पिशवी. आत्याच्या पायाला हात लावून नमस्कार केला, पत्रिका तिच्यासमोर ठेवली, आणि मग खुर्ची ओढून माझ्याकडे तोंड करून बसली.

"ताई, तुमच्याकडेच आलेय. आमच्या पोरीची हळद हाय. ती धवल्याची क्लिप पायजे होती."

मी आत्याकडे बघितलं. ती सुपातले खडे बाजूला काढत होती.

"माझ्याकडे आहे ती," बाई म्हणाली, "पन तिच्यात मामाचं कर्नाळं येतंय. आमचा मामा करंजाचा. तेवढं कापून नाय का देता येणार? आजकाल कापतात म्हनं. आनि मधी मधी गप होतंय, ते पन जुळवून द्या. तुमी शिकलेल्या."

"आत्याला..." मी सुरुवात केली आणि थांबले.

"आत्यांना कशाला तरास?" ती चटकन म्हणाली, खरोखरच्या काळजीने. "गुडघ्याचं झालंय ना त्यांचं? बसू दे त्यांना आरामात. येतील नुसत्या जेवायला. गाडी पाठवू आमी. काय आत्या?"

आत्या हसली. "येन की जेवाला," म्हणाली, आणि सूप पाखडलं.

बाईने फोन काढून माझ्यापुढे धरला, नंबर टाकायला. वरच्या क्लासमध्ये मुलं एका सुरात काहीतरी पाठ करत होती. माझा हात सवयीने पुढे गेला. मला ठाऊक होतं की मी मान हलवणार, रात्री बसून कर्नाळं कापणार, आत्याच्या थांबण्याच्या जागा मिटवून टाकणार, आणि ते अगदी नीट करणार. आत्याने सूप खाली ठेवलं. ती माझ्याकडे बघत नव्हती. मांडवात बघितलं होतं तसं तर मुळीच नाही. आपल्याबद्दलचं बोलणं चाललंय हे माहीत असून माणूस जसं भिंतीकडे बघतं, तसं ती बघत होती. ते मला सहन झालं नाही. तरीही मी आधी घसा खाकरला, ओढणी सारखी केली, दोनदा तोंड उघडून मिटलं. बाई फोन धरून थांबली होती.

मग मी म्हणाले, "आत्यालाच विचारा ना. ती इथंच बसलीये."